कमरेचं माप

मावशींच्या मापवहीचा नियम साधा होता. पट्टी मावशी धरणार, आकडा गिऱ्हाईक स्वतःच्या हाताने लिहिणार आणि खाली तारीख घालून सही करणार. कपडा घट्ट झाला की लोक शिवणाऱ्याला दोष देतात, स्वतःच्या पोटाला नाही, हे त्या तीस वर्षांत पुरतं ओळखून होत्या.

घर दोन भावांच्या वडिलांचं, आणि वरच्या खोलीत मावशी भाडेकरू. खालची ही दोन्ही पोरं शाळेच्या पहिल्या गणवेशापासून मावशींच्याच पट्टीखाली मोठी झाली. थोरला अंगाने भरलेला, म्हणून त्याला त्या अजूनही ढब्बू म्हणत आणि तोही ओ देत असे. वडील गेले आणि घर कुणाचं यावरून भाऊ कोर्टात गेले. वरची खोली रिकामी झाली तर आपलं पारडं जड होईल, असं ढब्बूच्या डोक्यात कुणीतरी भरवलं. मीटर वडिलांच्या नावावर होतं. त्याने वीज कार्यालयात लेखी दिलं, खोली बंद आहे, तिथे कुणी राहत नाही, वीज तोडा. आणि वीज तुटली.

मावशींचं मशीन मोटरवर चालायचं, कारण पायाने चालवायला गुडघ्यांनी केव्हाच नकार दिला होता. मशीन बंद म्हणजे चूल बंद, आणि चूल बंद म्हणजे खोली सोडणं. चार दिवस त्यांनी खिडकीशी बसून हाताने टाके घातले. पाचव्या दिवशी कार्यालय गाठलं.

"मालक कोण ते कोर्ट बघेल," तिथल्या बाई म्हणाल्या. "वीज राहणाऱ्याला मिळते. तुमच्या नावावर मीटर देते. फक्त तुम्ही तिथं राहता याचा पुरावा हवा. भाडेपावती आहे?"

"पावती कसली! त्यांच्या वडिलांचा सगळा तोंडी कारभार." मावशींनी पिशवीतून वही काढली. "हे चालेल? पानापानावर घराच्या पत्त्याचा शिक्का आहे. आणि ही बघा, धाकट्याची सही."

"पण हरकत थोरल्याची आहे. त्याची सही असेल तर प्रश्नच मिटला."

ढब्बूची सही होती, तीही त्याच्या अर्जाच्या आधी बाराच दिवसांची. ते पान त्यांनी मुद्दाम अंगठ्याखाली दाबून धरलं होतं. त्याचा राग तर असा आला होता की कान पिळावा. पण कान पिळायचा तो घरात, चारचौघांत नाही.

"दाखवते," त्या म्हणाल्या, "पण त्यानं खोटं सांगितलं असं लिहू नका. चुकून सांगितलं, असं लिहा. पोर तसं वाईट नाही."

बाईंनी पान पाहिलं. "पोर? कंबर बेचाळीस!"

"पोरच," मावशी ठामपणे म्हणाल्या.

बाईंनी हसू दाबत मंजुरीच्या पत्रात 'नजरचुकीने' हा शब्द लिहिला आणि त्याची एक प्रत ढब्बूला पाठवली. आठवड्याभरात मावशींच्या नावाचं मीटर बसलं.

दोन दिवसांनी ढब्बू दारात उभा. एका हातात पँटचं कापड, दुसऱ्यात ते पत्र.

"मावशी, नजरचूक नव्हती ती."

"ठाऊक आहे. आत ये. हात वर कर."

पट्टी कमरेभोवती फिरली. त्याने वही ओढून घेतली, आकडा लिहिला, तारीख घातली, सही केली. मग जरा थांबून खाली आणखी एक ओळ लिहिली, 'माप मावशींच्या राहत्या घरी घेतलं.'

मावशींनी दिवा लावून ती ओळ दोनदा वाचली. पदराने चष्मा पुसला, पुन्हा डोळ्यांवर चढवला आणि बोट वरच्या आकड्यावर ठेवलं.

"बेचाळीस नाही, ढब्बू. चव्वेचाळीस. या वहीत खोटं लिहायचं नाही."