हौशीची घंटी

चंदना माहितीपटांना संगीत देते म्हणजे नेमकं काय करते, हे तिच्या आईला सांगलीत कुणालाच समजावता आलेलं नव्हतं. "सिनेमाला गाणी करते," असं ती ठोकून द्यायची आणि "कुठल्या?" म्हटलं की चहा ठेवायला उठायची.

या खेपेचा माहितीपट आटपाडीच्या रंगूबाईवर आणि तिच्या मेंढरांवर होता. चित्रीकरण झालं तेव्हा म्हातारी माळावर भिंगरीसारखी फिरत होती. पुढच्या वर्षभरात तिची नजर पार गेली. कळप पुतण्याकडं गेला. कळपाच्या पुढं चालणारी तिची लाडकी मेंढी, हौशी, वयानं मेली आणि तिच्या गळ्यातली घंटी माळावरच कुठंतरी हरवली. म्हणजे जिच्यावर चित्रपट, ती तो फक्त ऐकणार होती. चंदनाला याचीच धास्ती होती. म्हणून काम दिग्दर्शकाकडं धाडण्याआधी लॅपटॉप घेऊन तिनं आटपाडीची एसटी धरली.

रंगूबाई ओट्यावर पाय पसरून बसली होती. लॅपटॉपवर वारा वाजला, तिचीच हाळी ऐकू आली, पेटीचे सूर आले आणि मागून घंटी. म्हातारीनं मान तिरकी केली.

"लय ग्वाड हाय. पर ही मेंढी कुणाची?"

"हौशीच की, आज्जी."

"न्हाई गं बाय. हौशीला हजारात वळखायची मी."

चंदनाचा चेहरा खर्रकन उतरला. चित्रीकरणात टिपलेली मूळ घंटी पेटीशी जुळत नव्हती, दोन पट्ट्यांच्या मधेच कुठंतरी लोंबकळत होती. म्हणून तिनं संगणकावर घंटीचा सूर जरासा वर चढवला होता. एवढं कुणाला कळणार आहे, असं वाटलं होतं. शिकलेल्या माणसाला असं वाटतं खरं.

"जरा बेसूर होती, म्हणून मी..."

"व्हतीच! चिरलेली व्हती. हौशी पयल्यांदा व्याली तवा घंटी दगडावर आपटली." म्हातारी खुदकन हसली आणि हौशीच्या घंटीसाठी पुन्हा कान टवकारून बसली. ते चंदनाला सोसवेना.

घरी येऊन तिनं पेटीचं सगळं काम पुसून टाकलं. दिग्दर्शक वीरधवल फोनवर उखडला, "अगं, परवा दाखवायचाय! त्या एका घंटीपायी?"

"हो, तिच्यापायीच."

घंटी होती तशी ठेवली. तिच्याच सुराला सा मानलं आणि त्यावर नवी चाल बांधली. त्या सुरात पेटी काही बसेना, तेव्हा चंदना स्वतःच गुणगुणली. गळा फार सुरेल होता असं नाही, पण घंटीच्या जोडीनं चालला.

आटपाडीच्या शाळेत माहितीपट दाखवला. सगळा गाव पडद्याकडं बघत होता, चंदना रंगूबाईकडं. म्हातारी पुढं सतरंजीवर पाय पसरून बसली होती. गुणगुणणं सुरू झालं. मग लांबून घंटी आली, चिरकी, आडमुठी, हळूहळू जवळ येणारी.

रंगूबाईनं चटकन पाय आवरून घेतले आणि वाट करून दिली.

"ये," ती म्हणाली, "ये गं माझी बाय. किती येळ केलास."