इन्व्हर्टरच्या भरवशावर अंडी

मुंगसानं बेबीताईंची काबरी कोंबडी नेली, पण तिच्याखालची अंडी तशीच राहिली. बेबीताईंनी खुराड्यात हात घातला, तर अंडी अजून गरम होती. उबवायला बसवावी अशी दुसरी खुडूक कोंबडीही घरात नव्हती. त्यांनी अंडी पदरात गुंडाळली आणि छातीशी धरून घरात आणली.

लेक निशिगंधा तेव्हा सुट्टीवर घरी आली होती. ती अमरावतीला जनावरांच्या डॉक्टरकीचा कोर्स करत होती. तिनं थर्माकोलच्या डब्याला काचेचा झरोका केला, आत एक बल्ब बसवला, ऊब वाढली की बल्ब आपोआप विझवणारं एक चिमुकलं यंत्र जोडलं आणि कोपऱ्यात पाण्याची वाटी ठेवली. पेटी तयार झाली. नेरकडच्या त्या गावात लाईन कधी जाईल याचा काही नेम नसे, म्हणून पेटीची पिन इन्व्हर्टरच्या बोर्डात लावली.

"कोंबडीचा पत्ता नाई आन् तिचं बाळंतपण माह्या घरात!" बेबीताईंचे यजमान किसनराव पारावर सांगत सुटले. "मले तं लोकं हासून राह्यले."

निशिगंधा परत गेली. बेबीताई रोज अंडी हलक्या हातानं फिरवत, वाटीत पाणी घालत. शेवटी निशिगंधानं फोनवर सांगितलं, "आई, आता फिरवू नको आन् झाकनही उघडू नको. आज-उद्या निघतीन." त्याच दुपारी बेबीताईंनी पेटीला कान लावला. आतून बारीक टकटक ऐकू आली.

आणि नेमकी तेव्हाच गावाची डीपी जळाली आणि लाईन गेली. लाईनमन म्हणाला, "उद्याशिवाय काई होत नाई."

इन्व्हर्टर सुरू झाला, पण जरा वेळानं किंचाळू लागला. लाल दिवा पेटला आणि पेटीतला बल्ब विझला. पौषातली थंडी दारातून आत येत होती. बेबीताईंनी शेजारच्या चंदाबाईला हाक मारली. दोघींनी मिळून पेटीभोवती गोधडी गुंडाळली आणि गोधडीच्या आत गरम पाण्याच्या बाटल्या टेकवून ठेवल्या.

"तू इथं बस माय," बेबीताई म्हणाल्या. "कान दे. मी इन्व्हर्टरचं पाह्यतो."

तेवढ्यात किसनराव वावरातून आले. काय झालं ते ऐकलं आणि त्यांनी इन्व्हर्टरला सणकून एक चापट मारली.

"अवो, मारता काहून त्याले?"

"दणका देल्याशिवाय ऐकत नाई हा."

"दणक्यानं तुमचा रेडिओ ऐकत असन. हा नाई ऐकत."

बेबीताईंनी आधी टीव्ही, फ्रीज, घरातले सगळे दिवे बंद केले. फक्त पेटी ठेवून बटण दाबलं. इन्व्हर्टर पुन्हा किंचाळला. म्हणजे भार जास्त झालेला नव्हता, खोट बॅटरीकडेच होती. बॅटरीवर कापसाचं बोचकं ठेवलेलं होतं. ते त्यांनी ओढून बाजूला केलं आणि कपाळावर हात मारला. तारेच्या तोंडाशी पांढरा-हिरवा खार साचून त्याचं ढेकूळ झालं होतं, आणि पाणी दाखवणाऱ्या सगळ्या दांड्या खाली लालपर्यंत बसल्या होत्या.

"बोचकं कोनं ठेवलं?" त्यांनी विचारलं.

किसनराव छताकडं पाहू लागले.

"बरं, ते राहू द्या. बिडी फेका बाहेर, बॅटरीतून गॅस निघते. आन् आंगठी काढा. पाना फिरवतानी तारेले लागली तं ठिनगी उडन."

स्वतःच्या पाटल्याही त्यांनी काढून ठेवल्या. इन्व्हर्टर बंद केला, भिंतीतली पिन ओढली. आधी काळी तार सोडली, मग लाल. काळीचा नट तर नुसत्या बोटानं फिरत होता. बॅटरीची झाकणं घट्ट आहेत का ते पाहिलं आणि गरम पाण्यात खायचा सोडा कालवून खारावर थोडा थोडा सोडला. तो फसफसून वर आला.

"अरे बाप्पा! हे तं सोडा-लिंबू झालं!" किसनराव हरखले आणि जुना ब्रश घेऊन स्वतःच घासायला बसले. खार निघाला, आतलं शिसं चकाकलं. पुसून कोरडं झाल्यावर त्यांनी पाण्याची कळशी उचलली.

"ते बोअरचं पानी नोका टाकू! क्षारानं बॅटरी मरन," बेबीताईंनी हात धरला. "चंदाबाई, तुमच्या ट्रॅक्टरच्या बॅटरीचं पानी हाय का?"

चंदाबाई पेटीजवळून उठायला तयार नव्हती. "गोठ्याच्या फळीवर हाय, घेऊन या. मी उठत नाई, आत कोनी तरी कुरकुरून राह्यलं!"

किसनराव अक्षरशः पळत गेले. बेबीताईंनी झाकणं उघडली आणि धार बारीक ठेवून दांड्या हिरव्या खुणेपर्यंत येऊ दिल्या. झाकणं लावली, मग लाल तार जोडली, मग काळी. किसनरावांनी नट आवळले, वरून व्हॅसलिन लावलं. पिन बसवून बटण दाबलं. इन्व्हर्टर गुणगुणला आणि गोधडीच्या फटीतून पिवळा उजेड आला.

गोधडीचा कोपरा सारून तिघंही काचेच्या झरोक्याला डोळे लावून बसली. एका अंड्याला भोक पडलं होतं. त्यातून चोच आली, थांबली, दमली, पुन्हा आली. कवचाचं टोपण उडालं आणि एक ओलं, वेडंवाकडं पिल्लू धडपडत बाहेर पडलं.

"आलं व! आलं!" किसनराव ओरडले. मग ते कुजबुजले, "केवढंसं हाय ते... उभं राह्यते का व?"

"राह्यते ना. जरा वाळू द्या त्याले."

पहिलं पिल्लू वाळून फुललं, तोवर दुसरं आणि तिसरं निघालं. निशिगंधाला व्हिडिओवर दाखवायला किसनरावांनीच फोन हातात घेतला आणि आई-लेकीला बोलूच दिलं नाही. "हे पाह्य, हे काबरं. अन् हे लय चालू हाय, दुसऱ्याच्या डोक्यावर चढून राह्यलं! तुह्या मायनं इन्व्हर्टर खोलला पोरी. मी पाना धरला."

"तुमीच नट आवळले," बेबीताई हसून म्हणाल्या.

गल्लीतल्या बाया पाहायला आल्या, तेव्हा घरात पेटीचा तेवढा एकच दिवा होता. चंदाबाईनं चुलीवर चहा टाकला. किसनराव दारात उभे राहून एकेकीला आत सोडत होते. "झाकन उघडाचं नाई बरं का," ते बजावत होते, "थंडी लागते लेकरायले."