पायाखालचा ठोका

गाडी सुरू करून हाम मान-बोकनं गिअरची दांडी मागे ओढली, की पायाखालून ‘ठप्’ असा आवाज यायचा. फार मोठा नाही. खालच्या मजल्यावरच्यानं वैतागून छताला झाडूचा दांडा एकदाच हाणावा, तेवढाच. पण यायचाच. सिग्नलवरून निघताना ठप्, चढावर जोर लावला की ठप्, गाडी उलटी घेताना तर हमखास.

“ऐकलंस?” मान-बोक विचारायचा.

“काय?” शेजारी बसलेली ओक-बुन म्हणायची.

“हे आत्ताचं!”

“मला बाई काही ऐकू आलं नाही. तुम्ही पुढं बघा.”

संपलं. ओक-बुनची मूत्रपिंडं थकल्यापासून तिला दिवसाआड डायलिसिसला न्यायचं, आणि दिवसाआड नवरा-बायकोत हेच बोलणं. मान-बोकचा उभा जन्म चुंगजूहून सोलला बस नेण्या-आणण्यात गेलेला. मागच्या बाकावर प्रवासी घोरतोय की इंजिन घरघरतंय, हे त्याला पुढं बसून कळायचं. आणि आता स्वतःच्या गाडीतला ठोका त्याला एकट्यालाच ऐकू येत होता. फ्रिजचं दार नीट लागलं नाही तर पलीकडच्या खोलीतून ओरडणारी बायको मात्र ‘नाही’ म्हणत होती.

त्याच्या डोक्यात किडाच शिरला. जेवताना चॉपस्टिक हातात धरून तो मध्येच थांबायचा आणि मान वाकडी करायचा. लिफ्टमध्ये पाय आपटून बघायचा. दुपारी जरा डोळा लागतोय तोवर उठून, चपला अडकवून खाली पार्किंगमध्ये जायचा, गाडी सुरू करायचा, दांडी मागेपुढे करायचा आणि आणखीच बेचैन होऊन वर यायचा. दोन गॅरेजं पालथी घातली. एकानं गाडीला कॉम्प्युटर जोडला आणि पडद्यावर सगळं हिरवंगार दाखवलं. दुसरा तर खाली वाकलाही नाही. म्हणाला, “आजोबा, हिची आता भंगारात जायची वेळ झाली.” भंगारात जायची वेळ कुणाची झाली हे मान-बोकला त्याच्या तोंडावर सांगायचं होतं, पण ओक-बुननं बाही ओढली.

शेवटी त्यानं गाडीची पूजाही पुन्हा घातली. नवी गाडी घेतली तेव्हा रीतीप्रमाणे पांढरा दोरा गुंडाळलेला सुका मासा डिकीत ठेवला होता, तो बदलून नवा ठेवला. चारही चाकांवर तांदळाची दारू ओतून दोन वेळा जमिनीला डोकं टेकलं. इमारतीचा रखवालदार धावत आला.

“अहो आजोबा, हे काय चालवलंय? पार्किंगभर वास सुटलाय! मुंग्या लागतील!”

“तुझ्या नोकरीला नाही ना लागत? मग गप बस,” मान-बोक म्हणाला.

वर गॅलरीतून ओक-बुन म्हणाली, “एवढ्या माशाचं छान सूप झालं असतं.” आणि दुसऱ्या दिवशी दवाखान्याच्या वाटेवर पहिल्याच सिग्नलला, ठप्.

रविवारी मुलगी सोन-मी आली. तिनं स्वतः गाडी चालवून बघितली. पण ती चालवते कशी, तर पायाखाली अंडं ठेवल्यासारखी. त्यात पंखा फुल्ल. इमारतीला फेरी मारून आली आणि म्हणाली, “काहीच तर नाही, बाबा.” मग आईकडं वळली. “आई, तू तर रोज शेजारी बसतेस. तू सांग.”

ओक-बुन किमचीच्या डब्याचं झाकण लावत होती. ते काही लागेना. डब्याकडं बघतच ती म्हणाली, “नाही गं. मला नाही ऐकू येत.”

सोन-मी जमिनीवर बापासमोर मांडी घालून बसली आणि तिचा आवाज एकदम मऊ झाला. मऊ आवाजाचीच मान-बोकला धास्ती होती. “बाबा, लायसन्सचं नूतनीकरण आलंच आहे. त्यात स्मरणशक्तीची चाचणी असतेच. त्याआधी आपणच स्मृतिभ्रंशाच्या केंद्रात जाऊन दाखवून येऊ. मोठ्या काकांचंही...”

“काकाचं नाव काढू नकोस.”

पण नाव निघालंच होतं. थोरल्या भावाचं असंच सुरू झालं होतं. त्याला भिंतीत पाणी ठिबकताना ऐकू यायचं. प्लंबरनं भिंत फोडली, आत कोरडं ठणठणीत. पुढच्या नवीन वर्षाला मान-बोक नमस्काराला वाकला, तर भावानं वहिनीला विचारलं, “हे गृहस्थ कोण?” मान-बोकला मरणाची भीती नव्हती. ह्याची होती. ठोका गाडीत असला तर आपण शाबूत. गाडीत नसला तर तो आपल्या टाळक्यात. मग लायसन्स जाणार, ओक-बुन दवाखान्याच्या गाडीत परक्या माणसांत बसून जाणार, आणि आपण घरी भिंतीला कान लावणार.

“एक शेवटचा मेकॅनिक,” तो म्हणाला. “तोही नाही म्हणाला, तर लायसन्स मी स्वतः नेऊन देतो. तू सांगायची गरज नाही.”

हा शेवटचा मेकॅनिक म्हणजे कू मिस्त्री. नदीपलीकडं त्याचं गॅरेज. बसच्या डेपोत असताना मान-बोकनं त्याचं नाव ऐकलं होतं, आणि त्याच्या जिभेचंही. कूनं सगळं ऐकून घेतलं, हात पुसले आणि म्हणाला, “आजोबा, तुम्ही बाहेर उभे राहा. आजी, तुम्ही बसा आपल्या जागेवर.”

“अहो, आवाज मला येतो, तिला नाही!”

“म्हणूनच. चालवणाऱ्याचे हातपाय कामात असतात, डोकं भलतीकडं असतं. गाडीचं दुखणं शेजारच्या सीटवरच्याला विचारावं. चाळीस नवरे खोटं बोललेत माझ्याशी, बायको एकही नाही. आजी, बूट काढा. मोजे राहू द्या. तळवे खाली सपाट टेका.”

“मी कशाला? मी आपली बाहेर थांबते,” ओक-बुन म्हणाली. “मला काही कळत नाही त्यातलं.”

“तुम्हाला कळायला नकोच आहे. नुसतं बसा.”

ती नाइलाजानं बसली. कू स्टिअरिंगमागं बसला, ब्रेक घट्ट दाबून धरला आणि दांडी पुढं टाकली. मग मागं. मग पुढं. मान-बोक खिडकीतून वाकून बायकोचा चेहरा न्याहाळत होता. चेहरा काही सांगत नव्हता. पन्नास वर्षांच्या संसारात तो त्याला कधी नीट वाचताच आला नव्हता. पण कू चेहऱ्याकडं बघतच नव्हता. तो बघत होता खाली.

“आजी, बोटं का आवळता?”

“कुठं?”

“ही काय. मी दांडी टाकायच्या आधीच आवळता. ठोका कधी येणार, हे पायांना पाठ झालंय तुमच्या.” त्यानं इंजिन बंद केलं. “आजोबा, आवाज आहे. आणि आजींना चांगला माहीत आहे.”

ओक-बुन वाकून बूट घालू लागली.

गाडी लिफ्टवर वर चढली आणि कूनं मान-बोकला खाली बोलावलं. गिअरबॉक्सचं शेपूट ज्या रबरी बैठकीवर टेकतं, ती ‘मिमी’ (जुने मिस्त्री तिला मिमीच म्हणतात) चपटी होऊन फाटली होती. तिच्यावर तेल गळून रबराचा चिखल झाला होता. लोखंड थेट लोखंडावर टेकलं होतं. मागं, चाकांना जोर वाटून देणारा डिफरन्शियल ज्या बुशांवर लटकतो, त्यांचं रबर गोलाकार तडकलं होतं. कूनं फटीत पहार घालून नुसती दाबली, तसा तो जड गोळा हलला आणि बोलला, ठप्.

मान-बोकच्या डोळ्यांत पाणी आलं. फाटक्या रबराच्या तुकड्याला मिठी मारावी असं त्याला वाटलं. “पुन्हा हलवा,” तो म्हणाला. कूनं हलवलं. ठप्. “अजून एकदा.”

“आजोबा, हे गाणं आहे का?” कू म्हणाला. “सामान सोलहून दुपारच्या बसनं मागवतो. तोवर जेवून या.”

समोरच्या खानावळीत दोघं बसले. मान-बोकनं जाड शेवयांचं सूप घेतलं, ओक-बुननं मिठाला मनाई म्हणून पाणी निथळून कोरड्या शेवया. मान-बोकचा आनंद ओसरला होता आणि त्याच्या जागी राग चढत होता.

“तू ऐकत होतीस.”

“हो.”

“पहिल्यापासून?”

“तुमच्याआधीपासून.”

“आणि मी वेड्यासारखा रात्रंदिवस... पोरीसमोर तू मला... दादासारखा झालोय असं वाटून मी...” त्याला वाक्यच पुरं करता येईना. शेजारच्या टेबलावरच्या बायका वळून बघू लागल्या.

ओक-बुननं चॉपस्टिक खाली ठेवल्या. “आवाज आला की तुम्ही खाली बघता, सोन-मीचे बाबा. मान वाकडी करून पायाशी बघता. गाडी चालू असते आणि तुम्ही खाली. मागच्या महिन्यात शाळेपाशी लाल सिग्नल ओलांडलात. तुम्हाला कळलंही नाही. मला वाटलं, मी नाही म्हटलं की तुम्ही नाद सोडाल आणि पुढं बघाल.” थोडं थांबून ती म्हणाली, “पुढं जाऊन ते केंद्रापर्यंत जाईल, हे मला काय माहीत? मग खरं सांगायची सोयच उरली नाही.”

“सांगायचं होतंस! सिग्नलचं सांगायचं होतंस!”

“सांगितलं असतं तर लायसन्स परत दिलं असतंत का?”

मान-बोकनं सूप तसंच टाकलं. लाल सिग्नल त्याला आठवत नव्हता. पण राग जितका पेटायला हवा होता तितका पेटेना, कारण चूक कशानं झाली ते सापडलं होतं: ठोक्याकडं लक्ष गेलं, म्हणून सिग्नल चुकला. ठोका गेला की सगळंच ठीक. रोगही बरा, रोग्याची बडबडही बंद.

दुपारभर तो कूच्या मागं मागं करत राहिला. बसायला स्टूल दिलं, बसला नाही. जुने बुश निघता निघेनात. कूनं त्यांच्या लोखंडी कड्या करवतीनं चिरल्या, मग छिन्नीनं ठोकून बाहेर काढल्या. सामान आलं तसे नवे बुश साबणाच्या पाण्यात बुचकळून प्रेसनं हळूहळू आत बसवले. गिअरबॉक्सखाली नवी मिमी लावली.

“बोल्ट ढिले राहिलेत,” मान-बोक म्हणाला.

“मुद्दाम ठेवलेत. हवेत लटकलेल्या गाडीचे बोल्ट आवळले, की गाडी खाली टेकताच रबर पिळवटतं आणि कायम तसंच राहतं. वर्षभरात पुन्हा फाटतं. आधी हिला स्वतःच्या पायांवर उभी करायची, सगळं वजन पडू द्यायचं, मग आवळायचं.” गाडी खाली उतरली. कू आडवा होऊन खाली सरकला आणि शेवटचे पाने फिरवले.

मान-बोकनं दांडी मागं ओढली. काही नाही. पुढं. काही नाही. नुसती एक गुळगुळीत शांतता. तो मोठ्यानं हसला. ओक-बुनही हसली, पण तिच्या हसण्यात सुटका जास्त होती.

परतीच्या वाटेवर सफरचंदाच्या झाडांचा रस्ता लागला. मान-बोक ताठ बसला होता, दोन्ही हात स्टिअरिंगवर, मान सरळ. ऐकायला काही उरलंच नव्हतं. ‘सोन-मीला आजच फोन करतो,’ तो मनात वाक्यं जुळवत होता, ‘म्हणतो, ये, तळवे टेकून बस गाडीत.’ नाही, वाक्यंही बाजूला ठेवली. बायकोला दाखवायचं म्हणून फक्त रस्ता बघायचा. त्यानं बघितला. समोर डांबर, पट्टे, दुकानांच्या पाट्या.

“थांबा!”

ओक-बुनची किंकाळीच. पाय ब्रेकवर गेला तो भीतीनं. टायर करकरले आणि गाडी आडव्या पांढऱ्या पट्ट्यांवर येऊन थांबली. बोनेटपासून हातभर अंतरावर पुठ्ठ्यांनी लादलेली हातगाडी, आणि ती ढकलणारी वाकलेली म्हातारी. वर सिग्नल लाल होता. कधीचा लाल होता. म्हातारीनं काचेतून आत बघितलं, शिवी दिली आणि हातगाडी पुढं ढकलली.

मागून भोंगे वाजू लागले. मान-बोकनं आठवून बघितलं. तो खाली बघत नव्हता. काही ऐकतही नव्हता. तो सरळ म्हातारीकडंच बघत होता आणि त्याला ती दिसली नव्हती.

ओक-बुनची धाप अजून बसली नव्हती. तरी तिनं त्याच्या मनगटावर हात ठेवला. “ऊन होतं ना,” ती म्हणाली. “ऊन डोळ्यांवर आलं तुमच्या. कुणालाही होईल.”

मान-बोकनं आरशात बघितलं. सूर्य पाठीमागं होता, नदीवर.

“ऊन मागं आहे गं,” तो म्हणाला.

त्यानं गाडी हळूच कडेला घेतली, चारही दिवे चमकते ठेवले आणि इंजिन बंद केलं. मग चावी काढून बायकोच्या मांडीवर ठेवली आणि फोन लावला.

“सोन-मी, मिस्त्रीला सापडला आवाज. खरंच होता. तुझ्या आईला विचार, ती सांगेल.” पलीकडून ती आनंदानं काही तरी बोलली, ते त्यानं पुरं ऐकून घेतलं. “हो, गाडी एकदम ठणठणीत झालीय. आता तू ये, आणि आम्हाला घरी घेऊन जा.”