शहाऐंशीनंतर थेट एकोणनव्वद

मित्रांनो, मी रसायनशास्त्राचे एक जुने पुस्तक आहे, आणि खरे सांगते, माझा थरकाप अजून थांबलेला नाही. पुस्तकाला कसला आलाय थरकाप, असे तुम्ही म्हणाल. अहो, तुमच्या तोंडी कोणी भलतेच शब्द घातले आणि त्या शब्दांमुळे घरच्याच माणसाच्या जिवावर बेतले, तर तुम्ही गप्प बसाल का? मी तर पुस्तक. बोलणे हाच माझा जन्म.

मला लिहिले कॉलेजात शिकवणाऱ्या एका बाईंनी. बाई भलत्या हट्टी. त्यांचे म्हणणे असे की रसायनशास्त्र काही परीक्षानळीत कोंडलेले नसते, ते स्वयंपाकघरात असते, मोरीत असते, औषधांच्या कपाटात असते. म्हणून त्यांनी मला विद्यार्थ्यांसाठी लिहिले आणि ज्यांची शाळा कधीच सुटली त्यांच्यासाठीही लिहिले. लोखंड का गंजते, कापलेले सफरचंद का काळे पडते, साबण मळ कसा काढतो, सगळे माझ्यात आहे. सफाईच्या प्रकरणात त्यांनी धोक्याची एक सूचना जवळजवळ पानभर ठळक अक्षरांत घातली. प्रकाशक हसले. "बाई, सूचना कोण वाचतं हो? पोरं सरळ पुढं पळतात," ते म्हणाले. तेव्हा बाईंनी त्याच कागदाच्या पुढच्या बाजूला एक रंगीत चित्र छापून घेतले. तांब्याची हिरवी ज्योत, मिठाची पिवळीधमक, पोटॅशियमची जांभळट. चित्रापाशी वाचक थांबेल, पान उलटेल आणि सूचना वाचेल, असे त्यांना वाटले. आख्ख्या पुस्तकात तेवढेच एक रंगीत चित्र! मला त्याचा केवढा तोरा होता म्हणून सांगू.

पुढे मी बरेच हात पाहिले. एका विद्यार्थ्याने मला उशाशी घेऊन परीक्षा दिली आणि पास होताच माझ्याकडे ढुंकूनही पाहिले नाही. एका औषधविक्रेत्याच्या गल्ल्यामागे मी कितीतरी वर्षे धूळ खाल्ली. मग पदपथावरच्या जुन्या पुस्तकांच्या ढिगात येऊन पडले. तिथे मला मावशी भेटली.

मावशी म्हणजे भिंगरीची मावशी. भिंगरी आठवीतली. एका जागी म्हणून बसायची नाही, त्यामुळे घरात तिला हेच नाव पडले होते. तिची आई घरी शिवणकाम करायची. आईची धाकटी बहीण ती मावशी, आणि तिघी एकाच घरात राहायच्या. मावशी बसस्थानकावर माइकवरून गाड्या पुकारायची. काय आवाज होता तो! भरदार, स्वच्छ, शब्द न् शब्द सुटा. माणसे म्हणायची, गाडी चुकेल, पण बाईंचा आवाज चुकायचा नाही. मला घेतले होते भिंगरीसाठी, पण भिंगरीपेक्षा मावशीच माझ्या प्रेमात पडली. कामावरून आली की हातपाय धुऊन मला मांडीवर घ्यायची आणि मोठ्याने वाचायची. "ताई, ऐक गं, मिठात काय काय असतं ते!" आणि भिंगरीची आई मशीन थांबवून ऐकायची. गंजाचे प्रकरणसुद्धा तिच्या तोंडून असे वाटायचे की जणू लोखंडालाच गाडीला उशीर झालाय. मित्रांनो, इतक्या वर्षांनी मला पहिल्यांदा कोणीतरी आवाज दिला होता.

तिच्या कामाचा एक नियम होता आणि तो तिच्या हाडीमांसी भिनला होता. हातात जो कागद येईल तो जसाच्या तसा वाचायचा. "आपण शहाणपणा करून एक शब्द इकडचा तिकडे केला ना, तर माणसं भलत्याच गावाला पोचतात," असे ती म्हणायची. छापलेल्या शब्दावर तिचा डोळे मिटून विश्वास होता.

एके दिवशी भिंगरीला शाळेत विज्ञानाचा तक्ता करून न्यायचा होता. तिने मला चाळले आणि ज्योतींच्या चित्राशी थांबली. बाईंना हवे होते तसेच झाले. वाचक थांबला! आता पान उलटेल, या आशेने मी वाट पाहिली.

"आई, तुझी कात्री दे ना."

"कापडाची आहे ती, कागदाने बोथट होते. बरं, घे. पण कडा नीट काप, कुरतडू नकोस."

भिंगरीने शिवणीला लागून, अगदी सफाईने, अख्खा कागद कापून घेतला. मागे काय आहे हे तिने पाहिलेसुद्धा नाही. चित्र वरच्या बाजूला ठेवून तिने डिंकाने ते पुठ्ठ्यावर डकवले आणि सूचना पालथी पडली. तक्ता शाळेत सगळ्यांत उठून दिसला. सरांनी तो व्हरांड्यात लावला आणि भिंगरी घरभर नाचली. मला दुखले, पण पोरीचा आनंद पाहून मी मनाशी म्हटले, जाऊ दे, एका पानाने काय होतंय.

काय होतंय? ऐका.

शहाऐंशीव्या पानाच्या शेवटी लिहिले होते, "फरशीवरचे पांढरे डाग ॲसिडने निघतात आणि काळपट बुरशी ब्लीचने जाते. ही दोन्ही". वाक्य पुढे अठ्ठ्याऐंशीव्या पानावर जायचे, म्हणजे कापलेल्या कागदाच्या पाठीवर. त्या पानाच्या तळाशी "साबण आणि कोमट पाणी" असे नवे वाक्य सुरू व्हायचे, आणि ते एकोणनव्वदाव्या पानावर संपायचे. आता मधले पानच नाही. मावशी सुट्टीच्या दिवशी सफाईच्या प्रकरणाला आली आणि तिने थेट पुढे वाचले, तिच्या त्या स्वच्छ, सुट्या आवाजात:

"ही दोन्ही एकत्र करून अर्धा तास ठेवा, मग घासा. डाग राहणार नाही."

अगं बाई गं! ते माझे वाक्य नव्हते हो! मी असे कधीच म्हटले नव्हते! माझीच अक्षरे, माझाच कागद, आणि त्यातून हे भयंकर काहीतरी बाहेर पडले होते. माझी तर पाचावर धारण बसली.

"ताई, आपली मोरी किती काळी झालीय. करू का आज?"

"पुस्तकात दिलंय ना? मग कर की."

मावशीने पदर खोचला. उग्र वास घरात नको म्हणून मोरीचे दार आतून लावून घेतले. मी बाहेर स्टुलावर पडून होते. आत बादलीचा आवाज झाला, मग ओतल्याचा, आणि लगेच खोकला. दाराच्या फटीतून पिवळट हिरवा धूर बाहेर आला. तो क्लोरीन होता. मी त्याला चांगले ओळखते, त्याच्यावर माझ्यात अख्खे प्रकरण आहे. आतून मावशीने हाक मारायचा प्रयत्न केला. ज्या आवाजावर अख्खे स्थानक हलायचे, तो फाटून नुसती शिट्टी बाहेर आली.

भिंगरीच्या आईने मशीन सोडले आणि दारावर धडका दिल्या. कडी उचकटली. तोंडाला ओला टॉवेल बांधून तिने बहिणीला काखेत हात घालून फरफटत बाहेर ओढले. "खिडक्या उघड! भिंगरे, सगळ्या खिडक्या उघड! शेजारच्यांना हाक मार!" मावशीचे डोळे पांढरे झाले होते आणि ओठ निळे. शेजाऱ्यांनी तिला रिक्षात घातले. मी स्टुलावर तशीच उघडी पडून राहिले. जिवंत परत येते की नाही, एवढेच माझ्या मनात होते.

दवाखान्यातून आई दुसऱ्या दिवशी एकटीच आली. शेजारीण धावत आली. "काय म्हणाले डॉक्टर?"

"जीव वाचला म्हणाले. आवाजाचं काही सांगता येत नाही म्हणाले. घसा आतून भाजलाय." मग तिची नजर माझ्यावर गेली. "या मेल्या पुस्तकाने घात केला! शिकलेल्या लोकांनी लिहायचं आणि आमच्या पोरींनी मरायचं!" तिने मला भिंतीवर भिरकावले. माझी शिवण उसवली. मला त्याचे काही वाटले नाही, पण तो आरोप ऐकून मी सुन्न झाले.

मला उचलले भिंगरीने. शहाऐंशी. समोर एकोणनव्वद. तिने पुन्हा पाहिले. पोरीचा चेहरा पांढराफटक पडला. ती तडक शाळेत पळाली आणि तक्ता काढून घेऊन आली. परातीत पाणी घेऊन तिने चित्र भिजवले. हिरवी ज्योत, पिवळी ज्योत, सगळे तुकड्यातुकड्यांनी सुटले. पाठीमागची ठळक अक्षरे तिने बोटाने लावत वाचली: "कधीही एकत्र करू नका. विषारी वायू होतो. बंद खोलीत माणूस मरू शकतो."

"आई," ती म्हणाली, "पुस्तकानं नाही. मी."

आईने हात उगारला. मला वाटले, आता पडणार पोरीला. पण हात तसाच खाली आला आणि आई परातीशेजारी मटकन खाली बसली. "कात्री मीच दिली गं," ती म्हणाली. "कडा नीट काप म्हणून मीच सांगितलं." दोघी ढसाढसा रडल्या.

मावशी घरी आली. जीव आला, पण आवाज आला नाही. नुसती कुजबूज उरली. माइक दुसरीला गेला आणि मावशीला चौकशीच्या खिडकीत बसवले. तिथे दिवसभर माणसे तिच्यावर खेकसतात, "अहो बाई, तोंडात काय मिठाची गुळणी धरलीय का? मोठ्यानं बोला ना!" त्यांना काय ठाऊक!

काल तिने मला मांडीवर घेतले. शहाऐंशीवे पान उघडले. "ही दोन्ही" एवढे म्हणताना तिचा श्वास अडकला. मागे भिंगरी उभी होती. पुस्तकाकडे न पाहता ती जीव खाऊन ओरडली, "कधीही एकत्र करू नका! कधीही! कधीही!" आणि मावशीच्या पाठीत तोंड खुपसून हुंदके देऊ लागली.

मावशीने हात मागे नेऊन तिचे केस कुरवाळले आणि ती कुजबुजली, "वेडाबाई, किती ओरडतेस. स्टँडावर सगळे गाड्यांत चढले असतील."

मित्रांनो, माझे पान आता परत येणार नाही. मावशीचा आवाजही नाही. तुम्हाला माझे चित्र आवडले तर खुशाल बघा, हवे तर वहीत नक्कल करून घ्या. पण माझ्यावर कात्री चालवण्याआधी, हात जोडते, एकदा पान उलटून वाचा.