पहिला टेक

गेली बावीस वर्षे मी माणसे सहसा जिथे जात नाहीत तिथे कॅमेरा घेऊन जातो. कडे, गुहा, हिमनद्या. छायाचित्रण मीच करतो, दिग्दर्शनही मीच; त्यामुळे चूक झाली की दोष द्यायला दुसरे कोणी सापडत नाही.

माझ्या नव्या चित्रपटात कडा चढणारे माझे भावोजी होते. शेवटची अवघड झेप त्यांनी पहिल्याच प्रयत्नात साधली. मी खालून ओरडलो, "धूसर आलंय, भावोजी. परत एकदा."

"साल्याची हौस काही फिटत नाही," म्हणून ते हसले आणि दोरावरून खाली आले. दुसऱ्या खेपेला खडकाचा तुकडाच त्यांच्या हातात आला. दोराने त्यांना झेलले, पण तोवर गुडघा कड्यावर आपटला होता. आता त्यात सळई आहे आणि चढणे कायमचे बंद.

आठवड्याने संकलनाच्या खोलीत मी पहिला टेक उघडला. तो स्वच्छ होता. धूसर झाली होती ती कॅमेऱ्याची डोळा लावायची काच, माझ्याच श्वासाने. ती पुसून खात्री करायला दोन सेकंद लागतात. नवख्यांना मी सर्वांत आधी तेच शिकवतो. फाइलला 'निकामी' असे नाव देऊन मी चार महिने गप्प राहिलो.

भावोजी झाल्या प्रकाराला नशीब म्हणतात. माझा नशिबावर विश्वास नाही, त्यामुळे ती सोय मला उपलब्ध नाही.

आज ते ताईबरोबर चित्रपट पाहायला आले. पडण्याचे दृश्य संपल्यावर म्हणाले, "तो पहिला दाखव ना. धूसर तर धूसर. धड चढलो तो शेवटचा तोच."

पुसला गेला, असे सांगता आले असते. शब्द ओठांवर आलेही होते. मी फाइल उघडली.

पडद्यावर त्यांच्या बोटांना पकडीसाठी लावलेली पांढरी पूडही स्पष्ट दिसत होती.

"हा तर लख्ख आहे की," भावोजी म्हणाले.

"मग परत का चढवलंस यांना?" ताईने विचारले.

"माझ्या डोळ्यापुढची काच धुरकटली होती, ताई. भिंग नाही. मी पुसून पाहिलं नाही."

"कधी कळलं तुला?"

"आठवड्यातच."

भावोजींनी दोन्ही हातांनी पाय उचलून सरळ केला. "परत लाव." तो टेक त्यांनी तीनदा पाहिला.

"दोन्ही ठेव," ते शेवटी म्हणाले. "ओळीने. आणि मधला तुझा आवाज कापू नकोस."

"नाही कापणार."

निघताना त्यांची कुबडी उचलायला मी वाकलो. ताईने ती आधीच घेतली होती.