हिमालयावरचे चर

मी जगातल्या डोंगरांचा नकाशा बोलतोय. भिंतीवर खिळ्याला लटकणारा नव्हे हं! खर्ड्याजवळच्या एका शाळेच्या अंगणात उताणा पडलेला, दगड-मुरूम-सिमेंटचा नकाशा आहे मी. माझ्यावरून पोरं उड्या मारतात, कोंबड्या फिरतात. मानपान फारसा नाही, पण मी मजेत आहे.

माझा जन्म सारा मॅडममुळे झाला. त्यांच्या वर्गातली पोरं पोपटासारखी घोकायची, "आल्प्स युरोपात, अँडीज दक्षिण अमेरिकेत!" पण "कुठंय ते दाखवा" म्हटलं, की सगळ्यांची बोटं खिडकीबाहेरच्या बालाघाटाच्या डोंगराकडे. मॅडमनी कपाळाला हात लावला आणि गावाला श्रमदानाची हाक दिली.

श्रमदान या गावाला नवं नाही. डोंगरावर आडवे चर खणून, पाणी अडवूनच या माणसांनी विहिरी जिवंत केल्यात. मॅडमनी चुन्याच्या फक्कीने खंड आखले, गावाने डोंगर उभे केले. आशियात हिमालय, सगळ्यांत उंच. उत्तर अमेरिकेच्या पश्चिमेला रॉकी, त्याच बाजूला खाली दक्षिण अमेरिकेच्या काठाकाठाने अँडीज. युरोप आणि आशियाच्या मध्ये उरल, आफ्रिकेच्या वायव्येला अ‍ॅटलास. आणि पोरांच्या हट्टापायी बोटाएवढा बालाघाट!

मॅडम जेवायला गेल्या आणि घोटाळा झाला. डोंगरावर चर खणण्यात मुरलेली कडूबाई आजी आणि तिच्या सोबतिणींनी ओल्या सिमेंटमध्ये खुरप्याने चर काढले. एकाही डोंगराला सोडलं नाही.

मुख्याध्यापक वैजनाथ सर ओरडलेच, "अहो, हिमालयावर चर? पुढच्या आठवड्यात तपासणीला साहेब येणार. हसतील आपल्याला. फोडून टाका हे!"

"डोंगर केला अन् चर न्हाई काढलं, तर पानी पळून जाईल की, सर," कडूबाई म्हणाली. पण तिचा चेहरा पडला होता.

बारशाआधीच माझं तेरावं! मी फार घाबरलो. मॅडम म्हणाल्या, "सर, उद्या सकाळपर्यंत थांबा. मग तुम्ही म्हणाल तसं."

सकाळी त्यांनी कडूबाईच्या हातात पाण्याचा तांब्या दिला. "आजी, ओता हिमालयावर."

पोरं भोवती उकिडवी बसली. पाणी पहिल्या चरात थांबलं, दुसऱ्यात थांबलं, तिसऱ्यात संपलं. खाली नदीच्या खोबणीत थेंबही उतरला नाही.

पोरांतली निकिता किंचाळली, "मॅडम, गंगा कोरडी!"

हसण्याचा एकच गलका झाला. कडूबाई हसली नाही. ती खाली पसरलेल्या मैदानाकडे बघत म्हणाली, "एवढ्या मुलकानं मंग प्यायचं काय? सिमेंट कालवा. आमीच बुजवतो."

तिनेच बोटांनी हिमालयाचे चर लिंपले. मग अँडीजचे, मग रॉकीचे. बालाघाटापाशी मात्र हात थांबला. "सर, हितलं ऱ्हाऊ द्या. आपल्याकडं हिमालयावानी बर्फ न्हाई. आलेलं पानी धरूनच ठिवावं लागतंय."

 सरांनी मला फोडायला आणलेली पहार उचलली आणि खोलीत नेऊन ठेवली.

तपासणीचे साहेब आले ते बूट काढून हिमालयाशी बसले आणि तांब्यामागून तांब्या ओतत राहिले. आता "अँडीज!" म्हटलं की पोरं उडी मारून बरोब्बर पश्चिम काठावर उभी राहतात. चेंडू लागून उरलला तडा गेलाय, पण तेवढं चालायचंच.

तुम्हीही या कधी, चपला काढून. जगभरच्या नद्या वाहवा. फक्त जाताना बालाघाटाच्या चरात थोडं पाणी भरून ठेवा. दुपारी तिथं चिमण्या येतात.