वरचा कागद

मी कार्टूनपटांची दिग्दर्शक झाले तेव्हा लोकांनी पेढे मागितले. मला आत घालून बाहेरून कडी लावली जातेय, हे त्यातल्या एकानेही सांगितलं नाही, आणि मलाही मेलीला कळलं नाही.

त्याआधी मी काचेच्या टेबलावर बसायचे. काचेखाली दिवा आणि वर खुंट्यांत अडकवलेले कागद, म्हणजे आधीचं चित्र खालून दिसतं आणि पुढचं त्याच्यावर काढता येतं. ढोल्या अस्वल तिथेच जन्मलं. समोर आरसा ठेवून मी तोंडं वेडीवाकडी करायचे आणि तीच ढोल्याला द्यायचे. मुलगी माझ्यावर गेली, पण अस्वल अगदी हिच्या वळणावर गेलंय, असं नवरा येईल त्याला सांगायचा.

ढोल्या लोकांना आवडला. इतका, की निर्मात्याने मला टेबलावरून उठवून खुर्चीत बसवलं. आता तुम्ही काढायचं नाही, काढून घ्यायचं, म्हणाला. काढून घेणं म्हणजे सकाळपासून बैठका, फोन, ह्याची समजूत काढ, त्याच्या मागे लाग. उरलेल्या वेळात हाताखालच्यांची चित्रं तपासायची. चित्रावर कोरा कागद ठेवायचा आणि चुकलेली रेघ वरून दुरुस्त करून द्यायची. वरच्या कागदावरचं चित्र पडद्यावर जायचं, खालचं टोपलीत. मी एकूण एक चित्र दुरुस्त करायचे. काय करणार, ढोल्याची भुवई कुणाला म्हणून जमत नव्हती. नुसता संताप यायचा. आणि खरं सांगायचं तर दिवसभरात हात चालायचा तो तेवढाच.

मला टेबल परत हवं होतं. दुसरं काही नको होतं. एक चित्रपट संपत आला की मी निर्मात्याकडे जाऊन तेच रडगाणं गायचे. तो शांतपणे ऐकून घ्यायचा आणि विचारायचा, ढोल्या तुमच्याशिवाय कुणाला येतो का? येत नव्हता. तिथेच घोडं अडायचं.

या खेपेला मात्र तो कंटाळला असावा. म्हणाला, या चित्रपटाचा शेवटचा प्रसंग तुम्ही स्वतः काढा, पहिल्या रेघेपासून. साधला तर पुढचा चित्रपट काडीकडे, आणि तुम्ही निवृत्तीपर्यंत टेबलावर. नाही साधला, तर पुढच्या तीन चित्रपटांसाठी मुकाट्याने सही करायची. काडी म्हणजे माझ्या हाताखालचा सगळ्यात जुना माणूस, अंगाने पेन्सिलीएवढा. माझ्याकडे आला तेव्हा कोवळा होता, आता दाढी पिकायला लागलीय. फारसं बोलत नाही. मी लगेच हो म्हटलं. घरी गुणगुणत गेले, तर नवऱ्याने लॉटरी लागली का म्हणून विचारलं.

प्रसंग छोटा होता. मावशीने विणलेला स्वेटर ढोल्याला लहान होतो. पण ती समोर हौसेने बघत बसलीय, म्हणून तो घालतोच, त्यात डोकं अडकतं, धडपडतो आणि कसाबसा तोंड बाहेर काढून तिच्याकडे बघून हसतो.

टेबलावर बसले. दिवा लावला, कोरा कागद खुंट्यांत अडकवला, पेन्सिलीला टोक काढलं. आणि बसूनच राहिले. आरशात तोंडं केली, ती झकास आली, पण हातात उतरेनात. एक गोल काढला. तो कुणाचंही डोकं असू शकला असता. फाडला. सवय मोडलीय, येईल हळूहळू, असं स्वतःला समजावलं. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. ज्या अस्वलाला मी जन्म दिला ते मला ओळखच देईना.

शेवटी चिडून शेजारच्या टेबलावरचा कुणाचा तरी कागद ओढला आणि त्यावर माझा ठेवला. हात सुरू झाला. भुवई, नाक, पोटाची वळी, सगळं झरझर आलं. खालचा कागद काढून घेतला, हात थांबला. पुन्हा ठेवला, पुन्हा चालला. मी दारुड्यासारखी तीन-चारदा हेच करून बघितलं. मग मला रडू फुटलं.

तरी मी काडीकडे गेले. प्रसंग सोडायचा नव्हता. खाली ठेवायला काहीतरी मिळालं तर वरचं माझंच, असा हिशेब मी मनाशी केला होता.

"ढोल्या पलंगावर बसलाय, मांडीवर स्वेटर आहे," मी म्हटलं. "पटकन काढून दे. कसाही चालेल. चुकीचा काढलास तरी चालेल, मी बघते."

त्याने पेन्सिल खाली ठेवली. चिडला असता तर मला बरं वाटलं असतं.

"बाई, मी चुकीचा कधी काढला?" तो म्हणाला.

मग पेन्सिल उचलून त्याने माझ्यादेखत ढोल्या काढून दिला. माझ्याबरोबर टेबलापर्यंतही आला. मी तो कागद खुंट्यांत अडकवला, वर कोरा ठेवला आणि दिवा लावला. ढोल्या बसला होता. पोट गुडघ्यांवर टेकलेलं, खांदे पडलेले, स्वेटर दोन्ही हातांत धरलेला. मावशीला कसं सांगावं, हे भुवईत दिसत होतं. कुठेही, काहीही बदलण्यासारखं नव्हतं.

म्हणजे ढोल्या काडीला येत होता. कितीतरी वर्षं येत होता. हा कागद उचलून निर्मात्यापुढे ठेवला असता तर मी त्याच दिवशी सुटले असते. पण सुटून टेबलावर बसायचं, तर तिथे कोराच कागद होता, आणि त्याच्याखाली ठेवायला मला कायम कुणीतरी लागणार होतं.

काडी मागे उभा राहून बघत होता. छान झालंय, एवढंच म्हणायचं होतं. ते ओठांवर आलंही होतं, पण तोवर हात भुवईपाशी पोचला होता आणि मी ती किंचित वर घेतली.